बिनपगारी रजा किती लांबवता येते?

जिंतूर, पालम भागात गटाच्या बैठकांना गेलो की हल्ली एक प्रश्न हमखास येतो. सून नाहीतर लेक सरकारी नोकरीत आहे, लेकरू लहान आहे किंवा सासू अंथरुणाला खिळली आहे, आणि घरचे म्हणतात, "राहू दे घरी, पगार नको म्हणून लिहून दे, नोकरी कुठं पळून चालली?" नोकरी पळत नाही, पण जाऊ मात्र शकते.

अशा रजेला सरकारी भाषेत असाधारण रजा म्हणतात. महाराष्ट्र नागरी सेवा (रजा) नियम, १९८१ मधला नियम ६३ तिचा आहे. दुसरी रजा शिल्लक नसली तर ही मिळते. शिल्लक असूनही कर्मचाऱ्याने लेखी मागितली तरी मिळते. पण कोणतीही रजा हक्क म्हणून मागता येत नाही, मंजुरी साहेबांच्या हाती असते. नोकरी कायम नसेल तर साधारणपणे एका वेळी तीनच महिने. आजारपणासारख्या काही कारणांना जास्त सवलत आहे. आणि कायम असली, तरी सगळ्या रजा धरून सलग पाच वर्षांच्या वर रजा देता येत नाही. खास परिस्थितीत शासनाने वेगळं ठरवलं तरच.

पगार जातो हे सगळ्यांना कळतं. पेन्शनचं कुणी सांगत नाही. डॉक्टरांच्या दाखल्यावरची बिनपगारी रजा जुन्या पेन्शनच्या सेवेत धरली जाते. घरगुती कारणाची एरवी धरत नाहीत, वेतनवाढही तेवढी पुढे सरकते. म्हणजे पंधरा वर्षांच्या नोकरीत दोन वर्षं घरकामासाठी गेली, तर हिशोबात तेराच उरतात. म्हणून आधी पगारी रजा बघा. प्रसूती रजा १८० दिवसांची आहे. २०१८ पासून राज्यात बालसंगोपन रजाही सुरू झाली, पूर्ण नोकरीत १८० दिवस. ती असताना बिनपगारी घेणं म्हणजे पदरचे पैसे ओढ्यात टाकणं, असं आमचं स्पष्ट मत आहे.

खरा घोळ होतो अर्ज न देता घरी बसल्यावर. फोनवर "सांगितलंय साहेबांना" याला काही किंमत नाही. अर्ज लेखी द्या, आवक शिक्क्याची पोच घ्या, मुदत संपायच्या आधी वाढ मागा. कार्यालयातून नोटीस आली तर ती घेऊन उत्तर द्या. सासऱ्यांनी परत पाठवली म्हणून ती टळत नाही.

तरीही कुणी "पाच वर्षं झाली, तुमची नोकरी आपोआप संपली" म्हणालं तर लगेच मान्य करू नका. १९७१ साली देवकीनंदन प्रसाद यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं, की नियमात तसं लिहिलेलं असलं तरी बाजू मांडायची संधी दिल्याशिवाय सरकारी माणसाला काढता येत नाही. २०१२ च्या कृष्णकांत परमार यांच्या निकालात न्यायालय म्हणालं, की आजारपणासारख्या नाइलाजाने झालेली गैरहजेरी म्हणजे मुद्दाम केलेली कामचुकारी नव्हे. दवाखान्याचे कागद म्हणूनच जपून ठेवायचे.

आपल्या अंगणवाडी सेविका आणि आशाताई मात्र मानधनावर आहेत, त्यांना हे रजा नियम लागू नाहीत. त्यांच्या रजेवर पुढच्या वेळी बोलू.