पराडकरांच्या काशीत प्रचाराची बातमी

बाबूराव विष्णू पराडकर काशीतल्या मराठी घरातले, आणि हिंदी पत्रकारितेचे एक आधारस्तंभ. 1925 साली वृंदावनच्या संपादक संमेलनात त्यांनी बजावलं होतं की, उद्याची वर्तमानपत्रं देखणी होतील, त्यांचा खप वाढेल, पण त्यांत प्राण उरणार नाही. त्या भाषणाला 2025 मध्ये शंभर वर्षं झाली. काशीतल्या दुर्गाघाटाच्या जुन्या मराठी वस्तीला त्या इशाऱ्याचं प्रत्यंतर स्वतःच्याच मतदारसंघात आलं.

1930 मध्ये इंग्रजांनी वृत्तपत्रांची मुस्कटदाबी केली, तेव्हा पराडकरांनी चोरून ‘रणभेरी’ हे पत्र काढलं. त्यानंतरच्या कित्येक निवडणुका भिंती रंगवण्यात आणि कर्ण्यांच्या गोंगाटात सरल्या. बातमीवर घाव बसला तो 2009 ते 2019 या दशकात.

2009 च्या महाराष्ट्र विधानसभा निवडणुकीत वेगवेगळ्या दैनिकांत उमेदवाराची स्तुती शब्दशः तीच छापून आली आणि पत्रकार पी. साईनाथ यांनी ते चव्हाट्यावर आणलं. 2007 च्या निवडणुकीतल्या अशाच, पैसे देऊन छापवलेल्या बातम्यांचा खर्च दडवला म्हणून उत्तर प्रदेशातल्या बिसौलीच्या आमदार उमलेश यादव यांना निवडणूक आयोगानं 2011 मध्ये तीन वर्षांसाठी अपात्र ठरवलं. निदान तिथे पैशाचा माग लागत होता.

2014 मध्ये तोही लागेना. 24 एप्रिलला नरेंद्र मोदींनी वाराणसीत अर्ज भरला. दुर्गाघाटाच्या अरुंद, पायऱ्यापायऱ्यांच्या गल्लीत मोटार शिरत नाही. तिथल्या घरांनी मलदहियाहून निघालेली मिरवणूक टीव्हीवरच पाहिली. नेमकी तीच दृश्यं मुंबईतही दिसत होती, आणि मुंबईसह महाराष्ट्रातल्या 19 जागांवर त्याच दिवशी मतदान चालू होतं. मतदान संपण्याआधीच्या 48 तासांत त्या भागात टीव्हीवरून प्रचार दाखवायला कायद्याची मनाई आहे. पण वाराणसीतली मिरवणूक ‘बातमी’ ठरली. सभांचं चित्रण तर पक्षांचेच कॅमेरे करून वाहिन्यांना पुरवत. वाहिनीचा खर्च वाचे. कुणाचा चेहरा, किती गर्दी दाखवायची, हे पक्ष ठरवी.

पुढे वाराणसीवरच ती वेळ आली. 19 मे 2019 ला इथे मतदान होतं; आदल्या दिवशी पडद्यावर मोदींचं केदारनाथच्या गुहेतलं ध्यान. 1 जून 2024 ला मतदान, पडद्यावर त्यांचंच कन्याकुमारीतलं ध्यान.

देवदर्शनाला कुणाची हरकत नाही. पण त्यावर कॅमेरा किती तास रोखायचा हा निर्णय संपादकाचा, आणि संपादकांनी तो सोडून दिला. आयोगानं ही मनाई शेवटच्या टप्प्यापर्यंत देशभर लागू करण्याचा आग्रह धरावा. आणि पक्षानं पुरवलेल्या दृश्यांवर तसं ठळक लिहिण्याची सक्ती वाहिन्यांवर पुढच्या निवडणुकीआधी व्हायलाच हवी.