प्रागच्या गल्ल्यांतून पायी फिरत चेक जेवणाची ओळख

चेक प्रजासत्ताक हा देश आपल्याला वाटतो तितका परका नाही. 'बाटा'चे मूळ तिथल्या झ्लीन गावात, १८९४ सालातले. स्कोडा गाडी म्लादा बोलेस्लावची, आणि तिचा एक कारखाना आपल्या चाकणला आहे. बूट आणि गाडी आपल्याकडे आली, जेवण मात्र आले नाही. त्यामुळे प्रागला निघालेला मराठी माणूस, मग तो इंदूरचा असो, बडोद्याचा असो की हैदराबादचा, पहिला प्रश्न हाच विचारतो: "तिकडे खायचे काय? आणि शाकाहारी माणसाचे कसे व्हायचे?"

आजच्या भागात याच प्रश्नाचे उत्तर शोधू. प्रागमध्ये छोट्या गटाने पायी फिरत पारंपरिक पदार्थ चाखण्याच्या सहली असतात. माझी बहीण आणि मी अशा एका सहलीला गेलो होतो. मी गोमांस सोडून बाकी सगळे खाते. बहीण शाकाहारी, पण अंडे चालणारी. म्हणजे तुमच्यापैकी बऱ्याच जणांची अडचण आमच्या दोघींत मिळून होतीच.

छोटा गट कशासाठी?

आमच्या गटात आठ जण आणि एक गाईड. साडेतीन तास, पाच थांबे. प्रत्येक थांब्यावर थोडे थोडे खायचे, पुढे चालायचे. तीस जणांचा जथा छोट्या दुकानात शिरूच शकत नाही. तो मोठ्या हॉटेलातच नेला जातो, आणि तिथे पर्यटकांसाठी बनवलेले जेवण समोर येते. आठ जण मात्र दुकानाच्या उंच टेबलाभोवती उभे राहू शकतात, शेजारी स्थानिक माणूस नाश्ता करत असतो, आणि "हे काय आहे?" असे विचारायला वेळ मिळतो. छोट्या गटाचे पैसे जास्त पडतात, पण ते जेवणापेक्षा या प्रश्नोत्तरांसाठी असतात असे समजा.

पहिला घास: ख्लेबीचेक

पहिला थांबा तयार पदार्थांच्या दुकानाचा. अशा दुकानाला तिथे 'लाहूदकी' म्हणतात. काचेमागे ख्लेबीचकी रांगेने मांडलेली होती. पांढऱ्या लांबट पावाचा तिरका काप, त्यावर बटाट्याचे सॅलड, वर हॅम, उकडलेल्या अंड्याची चकती, काकडीचे लोणचे. वरून दुसरा पाव नाही, म्हणजे उघडे सँडविच. आजच्या रूपातल्या ख्लेबीचेकचे श्रेय प्रागच्या यान पाउकर्ट या दुकानदाराला दिले जाते, काळ विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा.

चेक माणसाच्या आयुष्यात याची जागा कोणती? वाढदिवस, ३१ डिसेंबरची रात्र, आणि नाटकाचे मध्यंतर. नाट्यगृहात मध्यंतराला आपण बटाटेवड्याकडे धावतो ना, तसेच. बहिणीला अंडे आणि चीज घातलेला ख्लेबीचेक मिळाला. सॅलडमध्ये मेयोनेझ असते, म्हणून अंडे न खाणाऱ्यांना मात्र हा पदार्थ चालणार नाही.

सुपात सापडलेला मरवा

दुसऱ्या थांब्यावर ब्रांबोराच्का, म्हणजे बटाट्याचे सूप. बटाटा, गाजर, कंदभाज्या, वाळवलेली रानअळिंबी, लसूण. पहिल्या चमच्यालाच बहीण म्हणाली, "अगं, हा वास गजऱ्यातला आहे!" खरेच होते. तिकडे ज्याला मायोरांका म्हणतात, तो आपला मरवा. आपण तो फुलांत गुंफतो, चेक लोक बटाट्यात घालतात. वनस्पती तीच, काम वेगळे.

अशा ओळखीच्या खुणा पुढेही भेटत राहतात. पावात आणि कोबीत 'क्मीन' असते. दिसते जिऱ्यासारखे, पण ते जिरे नव्हे, ते कॅरवे, आपल्या शहाजिऱ्याच्या जवळचे. आपल्या जिऱ्याला ते 'रोमन क्मीन' म्हणतात. मिठाईत 'माक' असतो, म्हणजे खसखस. आपली पांढरट, त्यांची निळसर काळी. खाण्याच्या खसखशीच्या उत्पादनात हा छोटा देश जगात आघाडीवर आहे. आपण ती वाटून रश्श्यात घालतो, ते दूध-साखरेत शिजवून सारण करतात.

या जेवणामागचे कारण भूगोलात आहे. देशाला समुद्र नाही, हिवाळा लांब. म्हणून जमिनीखाली टिकणारे कंद, आंबवलेला कोबी, वाळवलेली अळिंबी, डुकराची चरबी. मासा हवा तर तळ्यातला. दक्षिण बोहेमियात शेकडो वर्षांपूर्वी खणलेली तळी आहेत. त्यांतले सर्वांत मोठे रोझम्बेर्क, १५८४ ते १५९० या काळात बांधलेले. तिथला कार्प मासा नाताळच्या आदल्या रात्री घरोघरी शिजतो, आणि त्याचे एक खवल पैशाच्या पाकिटात ठेवले की वर्षभर पैसा टिकतो असे मानतात.

स्वीच्कोवा आणि क्नेदलीक

चौथा थांबा खानावळीचा. इथे चेक घरातला मानाचा पदार्थ आला, स्वीच्कोवा. गोमांस आणि त्यावर गाजर, सेलरीचा कंद, पार्सलीचे मूळ वाटून केलेली सायीची दाट ग्रेव्ही. मसाल्यात तमालपत्र, मिरी आणि ऑलस्पाइस. वर लिंबाची चकती, आंबटगोड क्रॅनबेरी आणि फेटलेली साय. मी मांस बाजूला ठेवायला सांगून ग्रेव्हीही घेतली नाही, कारण ती मांसाबरोबरच शिजलेली असते. माझ्यासाठी डुकराचे भाजलेले मांस, क्नेदलीक आणि आंबट कोबी आला. हे त्रिकूट चेक खानावळीत कुठेही मिळते.

क्नेदलीक समजून घेण्यासारखा आहे. रवाळ गव्हाचे पीठ, यीस्ट, दूध, अंडे आणि शिळ्या पावाचे तुकडे मळून लांबट लोड करतात आणि उकडतात. मग सुरीने नव्हे, दोऱ्याने कापतात, कारण सुरीने तो दबतो आणि त्याची जाळी बसते. ती जाळी ग्रेव्ही शोषून घेण्यासाठीच असते. आपल्याकडे आमटीला जसा भात, तसा ग्रेव्हीला क्नेदलीक. तो नुसता खाल्ला तर बेचव लागणारच. कोरडा भात खाऊन कोणी आपल्या जेवणाबद्दल मत देऊ नये, तसेच हे.

बहिणीसाठी स्माझेनी सीर आला. चीजचा जाड तुकडा पाव-चुऱ्यात घोळून तळलेला, सोबत बटाटे आणि टार्टर सॉस. हा शाकाहाऱ्यांची सोय म्हणून कालपरवा काढलेला पदार्थ नाही. चेक लोक तो आवडीने जेवणात खातात. फळांचे क्नेदलीकही तसेच. आत आलुबुखार किंवा जर्दाळू, वरून लोणी, साखर आणि किसलेले ताजे चीज. आपल्याला ते पक्वान्न वाटेल, तिकडे ते पूर्ण जेवण आहे.

प्यायला बहुतेकांनी बियर घेतली. दरडोई बियर पिण्यात हा देश जगात पहिला, आणि पिल्सनर हा प्रकार १८४२ मध्ये प्ल्झेन शहरात जन्मला. न पिणाऱ्यांसाठी 'कोफोला' आहे, १९६० पासूनचे चेकोस्लोव्हाकियाचे स्वतःचे कोला पेय. चवीला थोडे औषधी, कमी गोड. बहिणीला ते आवडले.

हे जेवण टिकले कसे?

खानावळीत बसल्यावर गाईडने जे सांगितले, त्यासाठी मी ही सहल पुन्हा घेईन. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला प्रागमध्ये प्रतिष्ठेची भाषा होती जर्मन. चेक ही नोकरचाकरांची, खेड्यातली भाषा मानली जाई. अशा काळात मागदालेना दोब्रोमिला रेटिगोवा (१७८५ ते १८४५) या बाईने १८२६ मध्ये चेक भाषेत पाककृतींचे पुस्तक काढले, 'दोमात्सी कुखार्शका'. दोमात्सी म्हणजे घरगुती. कुखार्शका म्हणजे स्वयंपाक करणारी, आणि पाककृतींचे पुस्तकही. ती स्वतः जर्मन बोलत वाढली होती, चेक मोठेपणी शिकली. पुढे मुलींना स्वयंपाक शिकवताना ती चेक वाचनही शिकवी. भाषेच्या पुनरुत्थानाचा इतिहास लिहिताना चेक लोक कवी आणि कोशकारांबरोबर या सुगरणीचेही नाव घेतात.

महाराष्ट्राबाहेर पिढ्यान् पिढ्या राहिलेल्या मराठी घरांना हे वेगळे समजावून सांगायला नको. शाळेची भाषा वेगळी, बाजाराची वेगळी, पण फोडणी, कोशिंबीर, उलथणे हे शब्द स्वयंपाकघरात शाबूत राहतात. चेक शब्दही असेच प्रवासाला गेले. व्हिएन्नाच्या श्रीमंत घरांत चेक स्वयंपाकिणी कामाला असत. त्यांच्याबरोबर आलुबुखाराचा आटवलेला गर 'पोविदला' तिकडे गेला आणि जर्मनमध्ये 'पोविडल' झाला.

दुसरा घाव १९४८ नंतरचा. साम्यवादी राजवटीत खानावळी सरकारच्या झाल्या आणि पाककृतीही. कोणत्या पदार्थात किती ग्रॅम काय घालायचे, हे प्रमाणित पुस्तकात ठरलेले. प्राग असो की ब्र्नो, ग्रेव्ही तीच. पोट भरत होते, पण स्वयंपाक्याचा हात बांधलेला होता. १९८९ मध्ये राजवट गेली आणि लोक आधी परदेशी चवींकडे धावले. जुने पदार्थ चांगल्या मालाने, मन लावून करणाऱ्या खानावळी नंतर वाढल्या. म्हणून "चेक जेवण जड आणि बेचव" असे जुने प्रवासी सांगत असतील, तर ते खोटे बोलत नाहीत. त्यांनी त्या काळाची चव सांगितली.

आता तिसरी गोष्ट पर्यटनाची. जुन्या शहरात पावलोपावली 'तर्देलनीक' विकतात. दांड्याला गुंडाळून भाजलेली, साखरेत घोळलेली पोकळ पेस्ट्री, आत आइस्क्रीम. पाटीवर लिहिलेले असते 'जुना पारंपरिक पदार्थ'. प्रत्यक्षात त्याचे नाते स्लोव्हाकियातल्या स्कालित्सा गावाशी आणि ट्रान्सिल्व्हेनियातल्या हंगेरियन लोकांशी आहे. स्कालित्साच्या तर्देलनीकला युरोपीय संघाने २००७ मध्ये भौगोलिक मानांकन दिले. प्रागच्या गल्ल्यांत त्याचा सुळसुळाट अलीकडच्या दशकांतला. खा, गोडच आहे, पण त्याला प्रागची परंपरा समजू नका. आमचा शेवटचा थांबा बेकरीचा होता. तिथे खसखस आणि पोविदला भरलेले गोल 'कोलाचे' मिळाले. ती तिथली खरी घरची चव.

नोंदवून ठेवा

शाकाहारी असाल तर आरक्षण करतानाच लिहून कळवा, आणि "शाकाहारी पर्याय आहे" एवढ्या उत्तरावर थांबू नका. प्रत्येक थांब्यावर नेमके काय मिळेल ते विचारा. मेनूत 'बेझ मासा' हे शब्द शोधा. इथे मासा म्हणजे मासोळी नव्हे. 'मासो' म्हणजे मांस, आपल्या 'मांस' शब्दाचाच दूरचा भाऊ, आणि 'बेझ' म्हणजे विना. तरीही तीन शब्द विचारून घ्या: 'साद्लो' म्हणजे डुकराची चरबी, 'वीवार' म्हणजे मांसाचे पाणी, 'शुंका' म्हणजे हॅम. बटाट्याच्या सुपातही यांतले काही असू शकते. आमच्या गाईडने बहिणीसाठी आधीच विचारून ठेवले होते.

मेनूवर पदार्थापुढे छोटे आकडे असतात, ते ॲलर्जीचे. १ म्हणजे ग्लुटेन, ३ म्हणजे अंडे, ७ म्हणजे दूध. अंडे न खाणाऱ्यांनी ३ चा आकडा दिसला की तो पदार्थ सोडावा.

सहल प्रागमधल्या पहिल्या किंवा दुसऱ्या दिवशी घ्या, म्हणजे पुढचे दिवस स्वतः मागवता येते. सकाळी भरपेट खाऊ नका. रस्ते दगडी फरसबंदीचे आहेत, बूट सपाट हवेत. वयस्कर मंडळी बरोबर असतील तर किती चालायचे आणि कुठे बसायला मिळेल, हे आधी विचारा. दोन कंपन्यांत निवड करायची असेल तर गटात जास्तीत जास्त किती माणसे असतात, एवढा एक आकडा बघा.

जैन असाल, किंवा अंडेही चालत नसेल, तर मी स्पष्ट सांगते, या सहलीचे पैसे वसूल होणार नाहीत. कांदा, लसूण, कंद आणि अंडी हा या जेवणाचा पायाच आहे. त्यापेक्षा बाजारात फिरा, फळे घ्या, बेकरीत विचारून खा.

आणि ज्यांना प्रागला जायचे नाही त्यांनी घरी ब्रांबोराच्का करून बघा. लोण्यावर दोन चमचे कणीक गुलाबी परता, त्यात पाणी, बटाट्याच्या आणि गाजराच्या फोडी, भिजवलेली सुकी अळिंबी, मीठ आणि चिमूटभर शहाजिरे घालून शिजवा. शेवटी ठेचलेली लसूण आणि चुरडलेला मरवा. मरवा फुलवालीकडचा नको, त्यावर फवारणी असू शकते. कुंडीत लावलेला घ्या. कसे झाले ते कळवा. पुढच्या भागात भेटू.