मांडव्यासमोरचा जाझ

मांडव्याहून लाँच सुटली की मुंबईच्या बाजूला ताजचा घुमट दिसू लागतो. या हॉटेलात 1935 साली लिऑन ॲबी हा व्हायोलिनवादक कृष्णवर्णीय अमेरिकी वादकांचा जाझ बँड घेऊन आला. त्याच्या पाठोपाठ क्रिकेट स्मिथ नावाचा ट्रंपेटवादक आला. त्यांना ऐकून जी गोंयकार पोरं झपाटली, त्यांतलाच एक आंतोनियो शावियर वाझ. जन्म 1916, गाव हळदोणे, आणि तेव्हाच्या राज्यकर्त्यांच्या हिशेबाने पोर्तुगालची प्रजा! मुंबईने त्याला ओळखलं ते चिक चॉकलेट या नावाने. 'हिंदुस्थानचा लुई आर्मस्ट्राँग' असंही त्याला म्हणत.

ट्रंपेट हे वाद्य मुळात थक्क करणारं. नळी जेमतेम दीड मीटरची, तीही गुंडाळलेली, आणि बटणं फक्त तीन. नुसती फुंकर घातली तर काहीच वाजत नाही. ओठ मिटून थरथरवावे लागतात. ती थरथर नळीतल्या हवेला पकडते आणि पितळ बोलू लागतं. बटणाला हात न लावता, निव्वळ ओठ आवळून-सैलावून, लष्करी बिगुलासारखे ठरावीक सूर निघतात. मधल्या जागा बटणं भरून काढतात. मधलं बटण दाबलं की हवेला थोडं लांबून जावं लागतं आणि सूर अर्ध्या स्वराने उतरतो; पहिल्याने पूर्ण स्वर, तिसऱ्याने दीड. एवढ्याशा भांडवलावर सगळे बारा स्वर! बाकीचं, म्हणजे गुरगुरणं, लाडात येणं, रडवेलं होणं, सगळं ओठांचं आणि दमाचं काम. जाझवाल्यांची खरी करामत तीच.

हे गोंयकार तयार कसे होते? चर्चच्या शाळांमुळे. गोव्यात लहानपणीच पाश्चात्त्य स्वरलिपी शिकवली जाई, त्यामुळे समोर कागद ठेवला की वाजवायला सुरुवात. जाझचा उत्स्फूर्तपणा मात्र कागदावर नसतो. तो त्यांनी मुंबईत, कानाने कमावला.

मग 1949 साली मुंबई राज्याचा दारूबंदी कायदा आला. पेल्यांवर चालणाऱ्या रात्री ओसरल्या आणि वादक सिनेमाच्या स्टुडिओंकडे वळले. पुणतांब्याचे रामचंद्र चितळकर, म्हणजे आपले संगीतकार सी. रामचंद्र ऊर्फ अण्णा, यांना चिक चॉकलेट साहाय्यक म्हणून लाभला. इथे मला खरी गंमत वाटते. अण्णांच्या डोक्यात चाल भारतीय, आणि ती वाद्यांवर बसवायला हाताशी ताजमध्ये मुरलेला ट्रंपेटवाला. 1951 च्या 'अलबेला'त तर चिकचा बँड झालरीच्या सदऱ्यांत पडद्यावरच दिसतो. समोर नाचतात गिरणगावातले भगवानदादा!

त्या संगीतावर नाव अर्थातच संगीतकाराचं. वादकांची नावं तेव्हा श्रेयनामावलीत क्वचितच येत, ही माझ्या मते त्या काळाची सर्वांत मोठी कंजुषी. 1964 साली खुद्द आर्मस्ट्राँग मुंबईत वाजवून गेला. चिक 1967 मध्ये गेला, वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी.

अलिबाग-रेवदंड्याकडच्या कोळीवाड्यांत हळदीला ब्रास बँड लागतो, तेव्हा त्यातल्या ट्रंपेटवाल्याची बोटं पाहा: तीच तीन बटणं. आणि घरी आल्यावर 'अलबेला'तलं 'शोला जो भडके' लावा. शब्द ओळखीचेच आहेत, ते सोडून द्या. दोन ओळींच्या मध्ये पितळ काय करतं, तेवढंच ऐका.