एका वाहनास एकच भाव

नाशिक जिल्ह्यांतील पिंपळगाव बसवंत येथें बाजार समितीच्या आवारांत कांद्याचा लिलाव वाहनागणिक होतो. बोली चढत जाते व शेवटीं एक भाव कायम होतो. समजा, पहिल्या वाहनास क्विंटलमागें १२०० रुपये, दुसऱ्यास १४५० व तिसऱ्यास पुन्हां १२०० मिळाले. आधीं वाहनाचा क्रमांक व मग भाव असें मांडल्यास (१, १२००), (२, १४५०), (३, १२००) या क्रमित जोड्या होतात.

या संचास गणितांत ‘फल’ म्हणावयाचें कीं नाहीं? कसोटी एकच: प्रत्येक पहिल्या पदाशीं दुसरें पद एकच असावें. येथें तसें आहे. म्हणून हें फल होय. दोन वाहनांस सारखाच भाव मिळाला, यानें कांहीं बिघडत नाहीं.

मात्र जोड्या उलटल्या कीं १२०० या पदाशीं पहिलें व तिसरें अशीं दोन वाहनें येतात. तें फल नव्हे. नुसत्या भावावरून वाहन ओळखतां येत नाहीं.

या भावांस कोणतेंही सूत्र नाहीं, अशी शंका कोणी घेईल. परंतु सूत्र हवेंच असें नाहीं, हें डिरिक्ले या जर्मन गणितज्ञानें १८३७ सालींच स्पष्ट केलें.

आतां वहींत (३, १३००) ही जोडीही शिरली, तर पहिल्या मांडणीचेंही फलपण गेलें. तिसऱ्या वाहनांत वीस क्विंटल कांदा असेल, तर शेतकऱ्याचे २००० रुपये वादांत पडले. कसोटी गणिताची खरी. पण तिच्यावर घामाचा दाम अवलंबून असतो.