सुमित्रा भावे : आवाज न चढवता सांगणारी दिग्दर्शिका

इथे आल्यावर आपल्यापैकी पुष्कळांना फ्रेंच चित्रपट प्रथम भेटले ते एसबीएस वाहिनीवर. त्या निमित्ताने आन्येस वार्दा (१९२८-२०१९) हे नाव कानावर आले असेल. चित्रपटाचे शिक्षण न घेता या बाईंनी १९५०च्या दशकात स्वतःची छोटी संस्था काढली आणि एका कोळीवस्तीत जाऊन पहिला चित्रपट केला. अशाच एक बाई आपल्या पुण्यातही होऊन गेल्या. त्यांची ओळख मात्र आपल्या मुलांना नाही, आणि आपल्यालाही बेताचीच आहे.

सुमित्रा भावे यांचा जन्म १९४३ सालचा. मूळ पेशा समाजशास्त्राचा. पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत त्यांनी शिकवले. झोपडपट्टीतील स्त्रियांविषयीचे संशोधन अहवालात पडून न राहता त्या स्त्रियांपर्यंतच परत जावे, या तळमळीतून १९८५ साली 'बाई' हा लघुपट झाला. तेव्हा त्या बेचाळीस वर्षांच्या होत्या! लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुढे सुनील सुकथनकर यांच्याबरोबर जोडीने त्यांनी 'दोघी' (१९९५), 'वास्तुपुरुष' (२००२), 'देवराई' (२००४), 'अस्तु' (२०१३), 'कासव' (२०१६) असे चित्रपट केले. 'कासव'ला राष्ट्रीय पुरस्कारांतले सुवर्णकमळ मिळाले. 'श्यामची आई', 'श्वास', 'देऊळ' आणि 'कोर्ट' यांच्यानंतर हा मान मिळवणारा तो पाचवा मराठी चित्रपट.

त्यांच्या चित्रपटांत खलनायक क्वचितच सापडतो. दुखणे असते, गरिबी असते, लोकलाज असते, आणि त्यात सापडलेली साधी माणसे असतात. मी रसायनशास्त्राची, त्यामुळे मला त्यांची एक गोष्ट विशेष भावते : निष्कर्ष आधी ठरवून त्या माणसांकडे जात नाहीत. आधी निरीक्षण, मग बोलणे. 'देवराई'तला शेष स्किझोफ्रेनियाने आजारी आहे. चित्रपट त्याला वेडा ठरवत नाही आणि चमत्काराने बराही करत नाही. औषध, बहिणीची माया आणि वेळ, एवढ्यावरच भिस्त आहे.

आपल्याला सर्वांत जवळचा वाटेल तो 'अस्तु'. संस्कृतचे गाढे विद्वान चक्रपाणी शास्त्री (डॉ. मोहन आगाशे) यांना स्मृतिभ्रंश झाला आहे. रस्त्यात हत्ती दिसतो आणि ते त्याच्या मागे निघून जातात. मुलगी जीव तोडून शोधते आहे. इकडे माहुताची कानडी बोलणारी बायको त्यांना लेकरासारखे सांभाळते. त्या भूमिकेसाठी अमृता सुभाष यांना आणि संवादांसाठी भावे यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. मुलगी वाईट नाही, फक्त दमलेली आहे. ज्यांचे आईवडील तिकडे एकटे आहेत, किंवा इथे आणून ठेवले आहेत, त्यांना हे दमणे समजावून सांगायला नको. दर रविवारी फोनवर दोन्हीकडून 'सगळं छान' म्हणण्याचा आपला रिवाज आहे. त्या 'छान'मागचे बोलायला हा चित्रपट तोंड उघडून देतो.

'कासव'मध्ये नैराश्याने जीव द्यायला निघालेल्या तरुणाला एक बाई कोकणात घरी आणते, पण प्रश्न विचारून भंडावत नाही. भोवती समुद्री कासवांच्या अंड्यांची राखण चालू असते. पिल्लांना उचलून पाण्यात सोडायचे नाही. वाट त्यांची त्यांनी चालायची, आपण फक्त जपायचे. क्वीन्सलँडमध्ये मॉन रेपोच्या किनाऱ्यावर आपली मुले हेच पाहतात. त्यांना ही गोष्ट लगेच कळेल.

१९ एप्रिल २०२१ रोजी पुण्यात भावे यांचे निधन झाले. त्यानंतर साधारण महिन्याभराने त्यांचा 'दिठी' सर्वसामान्य प्रेक्षकांसमोर आला.

माझी एक सूचना आहे. गणपतीत नाटक होते, दिवाळीत गाणी होतात. एका शनिवारी दुपारी 'अस्तु' सर्वांनी मिळून पाहावा. इंग्रजी उपशीर्षके असतील तर मुलेही बसतील. नंतर चहा, आणि चहाबरोबर मोकळे बोलणे. खुर्च्या मांडायला मी आहेच, आणखी कोण येणार ते कळवावे.