बोगदा, अर्पणपत्रिका आणि एक पत्र

मागच्या लेखात कृष्णवर्णीय अमेरिकी विचारवंत डु बॉइस यांना आपण न्यूयॉर्कमध्ये त्यांच्या ‘क्रायसिस’ या मासिकाच्या कचेरीत सोडले होते आणि आज १९१९ च्या पॅरिसच्या पॅन-आफ्रिकन परिषदेला जायचे ठरले होते. ती परिषद आठवडाभर थांबेल. कात्रजहून एका वाचकाने विचारले आहे, “या माणसाची आपल्या महाराष्ट्रात तेव्हा कुणाला खबर होती का? की आता आपणच ओढून-ताणून नाते जोडतोय?” प्रश्न कात्रजहून आला याचा मला विशेष आनंद झाला, कारण उत्तराची सुरुवात तिथूनच करता येते.

जुन्या सातारा रस्त्याने घाट चढून गेले की माथ्यावर कात्रजचा जुना बोगदा लागतो. हा बोगदा बांधणाऱ्या ‘पुणे कमर्शियल अँड काँट्रॅक्टिंग कंपनी’त जोतीराव फुले होते, असे त्यांचे चरित्रकार सांगतात. येरवड्याचा पूल, खडकवासल्याच्या धरणाला बांधकामाच्या साहित्याचा पुरवठा, अशीही कामे त्यांच्या नावावर आहेत. शाळा काढणारे जोतीराव सर्वांना ठाऊक असतात. दगड, चुना आणि मजुरांचे हिशेब सांभाळणारे जोतीराव मात्र मागेच राहतात. मला हे दुसरे जोतीराव फार महत्त्वाचे वाटतात. दिवसभर उन्हात राबणाऱ्याच्या हाती संध्याकाळी काय पडते आणि मधल्या मध्ये काय गळते, हे त्यांनी कामावर उभे राहून पाहिले होते. ‘गुलामगिरी’त ते पुराणांतल्या अवतारकथांची चिरफाड करतात, तसेच इंजिनीअर खात्यातल्या कारभारावरही तुटून पडतात. ही दोन्ही प्रकरणे एकाच पुस्तकात का, असा प्रश्न कंत्राटदार जोतीराव माहीत असलेल्याला पडत नाही.

‘गुलामगिरी’ निघाली १८७३ साली. डु बॉइस तेव्हा मॅसॅच्युसेट्समधल्या एका लहान गावात पाच वर्षांचे होते. पुस्तकाची अर्पणपत्रिका अमेरिकेतल्या सज्जन लोकांच्या नावे आहे. नीग्रो गुलामांना मुक्त करण्याच्या कामी त्यांनी दाखवलेल्या निःस्वार्थ वृत्तीबद्दल आदर म्हणून हे पुस्तक त्यांना अर्पण केले आहे आणि आपल्या देशबांधवांनी शूद्रांच्या मुक्तीसाठी त्यांचा कित्ता गिरवावा, अशी इच्छा तिथे नोंदवली आहे. गुलामगिरी रद्द करणारी तेरावी घटनादुरुस्ती १८६५ च्या डिसेंबरात मंजूर झाली. त्यानंतर आठ वर्षांच्या आत पुण्यात एक माणूस तिचा अर्थ आपल्या गावकुसाशी लावून दाखवतो! त्या काळी अमेरिकेची बरीचशी बातमी इथे पोहोचायची ती बोटीने आलेल्या वर्तमानपत्रांतून आणि मिशनऱ्यांच्या तोंडून, हे लक्षात घेतले म्हणजे त्या नजरेची झेप कळते.

या अर्पणपत्रिकेवर मी बरीच वर्षे विचार करत आलो आहे. तिच्यात मुक्त करणारे गोरे लोक आहेत, मुक्त होण्यासाठी लढलेले काळे लोक नाहीत. अमेरिकेच्या यादवी युद्धात उत्तरेच्या सैन्यात सुमारे १ लाख ८० हजार कृष्णवर्णीय सैनिक होते. लाखो गुलामांनी मळ्यांवरचे काम टाकून उत्तरेच्या छावण्या गाठल्या. डु बॉइस यांनी १९३५ च्या ‘ब्लॅक रिकन्स्ट्रक्शन’मध्ये नेमके हेच मांडले: गुलामांनी सार्वत्रिक संप केला म्हणून दक्षिण कोसळली, आपल्या मुक्तीत गुलामांचा स्वतःचा हात होता. जोतीरावांपर्यंत ही बाजू बहुधा पोहोचली नसावी. तरी त्यांची कृती पाहा. त्याच १८७३ साली २४ सप्टेंबरला पुण्यात सत्यशोधक समाज उभा राहिला आणि लग्नासारख्या विधींसाठीही भटजीवाचून आपले आपण चालवायला शूद्रांना त्याने शिकवले. कुणी सज्जन येऊन सोडवील याची वाट बघणाऱ्याचे हे काम नव्हे.

अर्पणपत्रिकेत ज्या अमेरिकेचे कौतुक आहे, ती चारच वर्षांत बदलली. १८७७ मध्ये दक्षिणेतून संघराज्याच्या फौजांचे संरक्षण निघून गेले, कृष्णवर्णीयांचा मताधिकार दहशतीने आणि कायद्याच्या पळवाटांनी हिरावला गेला. पुढे तर विद्यापीठांतून असा इतिहास लिहिला गेला की, काळ्यांना हक्क दिले हीच चूक झाली. या इतिहासाचे ठाणे होते न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात, प्राध्यापक विल्यम डनिंग यांच्याभोवती. डु बॉइस यांचे १९३५ चे पुस्तक याच घराण्याला दिलेले उत्तर आहे.

आणि डनिंग तिथे शिकवत होते त्याच काळात, १९१३ ते १९१६, भीमराव आंबेडकर कोलंबियात शिकत होते. कृष्णवर्णीयांची हार्लेम ही वस्ती तिथून हाकेच्या अंतरावर. ‘क्रायसिस’ही न्यूयॉर्कहूनच निघत होते. एका शहरात तीन वर्षे राहून आंबेडकर आणि डु बॉइस यांची गाठ पडली नाही. गाठ पडली नसल्याचे खुद्द बाबासाहेबांनीच लिहून ठेवले आहे, तीस वर्षांनी, डु बॉइस यांना धाडलेल्या पत्रात.

कात्रजच्या वाचकाला खरे उत्तर या पत्रात आहे. पत्र दादरच्या ‘राजगृहा’तून गेले, १९४६ च्या जुलैच्या सुमारास. बाबासाहेब लिहितात की, आपली भेट नसली तरी दडपलेल्यांच्या स्वातंत्र्यासाठी झटणाऱ्या प्रत्येकाप्रमाणे मीही तुम्हाला नावाने ओळखतो. नीग्रोंच्या प्रश्नाचा मी अभ्यासक आहे. त्यांची आणि अस्पृश्यांची स्थिती इतकी सारखी आहे की हा अभ्यास स्वाभाविकच नव्हे, आवश्यकही आहे. पुढे थेट काम: अमेरिकेतल्या नॅशनल नीग्रो काँग्रेसने संयुक्त राष्ट्रांकडे अर्ज केल्याचे वाचले, त्याच्या दोन-तीन प्रती मिळतील का? आम्हीही तसे पाऊल उचलण्याच्या विचारात आहोत.

हे पत्र त्या महिन्याबाहेर काढून वाचू नये. सत्तांतरासाठी आलेल्या ब्रिटिश कॅबिनेट मिशनच्या योजनेत अस्पृश्यांना स्वतंत्र स्थान मिळाले नव्हते. बाबासाहेबांच्या शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनला निवडणुकीत मोठा फटका बसला होता. आणि त्याच जुलैत इथे, पुण्यात, विधिमंडळाचे अधिवेशन चालू असताना फेडरेशनचा सत्याग्रह सुरू झाला होता, कार्यकर्ते स्वतःला अटक करवून घेत होते. देशातले दरवाजे एकेक करून लागत असताना बाबासाहेब जगाचा दरवाजा ठोठावून पाहत होते. त्यातही अमेरिकेचा धडा त्यांच्या डोळ्यांसमोर होता. १९४२ साली कॅनडातल्या एका परिषदेसाठी लिहिलेल्या निबंधात यादवी युद्धानंतर नीग्रोंची जी गत झाली तिचे स्मरण त्यांनी करून दिले होते: लढ्यात बरोबर घ्यायचे, जिंकल्यावर वाऱ्यावर सोडायचे. जोतीरावांनी आशेने पाहिलेल्या अमेरिकेकडे बाबासाहेब सावधपणे पाहत होते. दोघांमध्ये ७३ वर्षांचे अंतर आहे, आणि या काळात अमेरिकेने काय केले ते या फरकात उतरले आहे. याच १९४६ साली बाबासाहेबांचे शूद्रांविषयीचे पुस्तक आले, ते जोतीरावांना अर्पण केलेले.

डु बॉइस यांनी ३१ जुलैला उत्तर पाठवले. मागितलेला मजकूर सोबत जोडला. आमची संघटनाही अधिक सविस्तर निवेदन करण्याच्या विचारात आहे, ते झाल्यावर पाठवीन, असे कळवले. तुमचे नाव आणि काम मला माहीत आहे, अस्पृश्यांविषयी मला सहानुभूती आहे, पुढेही काही मदत करता आली तर आनंद वाटेल, असेही लिहिले. ते सविस्तर निवेदन, ‘अ‍ॅन अपील टू द वर्ल्ड’, ऑक्टोबर १९४७ मध्ये संयुक्त राष्ट्रांना सादर झाले. तोवर बाबासाहेब मसुदा समितीचे अध्यक्ष झाले होते आणि अस्पृश्यता नष्ट करणारे कलम घटनेच्या मसुद्यातच घालायचे काम त्यांच्या हाती आले होते. ही दोन्ही पत्रे आज अ‍ॅम्हर्स्ट इथे, मॅसॅच्युसेट्स विद्यापीठाच्या डु बॉइस संग्रहात आहेत. मुंबईत १९७२ साली दलित पँथर निघाली तेव्हा अमेरिकेच्या ब्लॅक पँथरचे नाव गाजले, पण त्या पत्रव्यवहाराला तोवर २६ वर्षे होऊन गेली होती. पँथरवर वेगळा लेख लिहावा लागेल, आज नाही.

पॅरिसच्या परिषदेकडे पुढच्या आठवड्यात नक्की जाऊ. महायुद्धानंतरच्या शांतता परिषदेत राष्ट्रांचे नकाशे नव्याने आखले जात होते आणि आफ्रिकेतल्या वसाहतींमधल्या लोकांच्या वतीने बोलायला तिथे कुणाला आमंत्रण नव्हते. डु बॉइस यांनी आपली वेगळी परिषद कशी भरवली, ते तेव्हा पाहू.