वेग आणि थांबण्याचें अंतर



आमच्या बुलढाणा जिल्ह्यांतून, मेहकर व सिंदखेड राजा यांच्या बाजूनें, समृद्धि महामार्ग जातो. त्याचा नागपूर ते शिर्डी हा पहिला टप्पा ११ डिसेंबर २०२२ रोजीं खुला झाला. जून २०२५ मध्यें ७०१ किलोमीटरांचा सबंध मार्ग पुरा झाला. मोटारगाडीस त्यावर ताशीं १२० किलोमीटर, म्हणजे सुमारें ७५ मैल, इतक्या वेगाची मुभा आहे. चिखली-खामगांवकडील साध्या रस्त्यानें ताशीं ४० किलोमीटरांनीं जाणारा मनुष्य ह्या मार्गावर चढतो, तेव्हां वेग तिप्पट झाला तर थांबावयास जागाही तिप्पट लागेल, असा त्याचा मनांतला हिशेब असतो. तो कितपत खरा, हें आंकड्यांवरून पाहूं.

आंकडे जुने आहेत. १९२० नंतरच्या दशकांत अमेरिकेंत घेतलेलीं हीं ५० मापें मॉर्डेकाय इझिकियल यांच्या १९३० सालच्या ग्रंथामुळें प्रसिद्धीस आलीं. आज ‘आर’ नांवाच्या संगणकप्रणालीबरोबर तीं जगभरच्या विद्यार्थ्यांना आयतीं मिळतात. वेग ताशीं ४ पासून २५ मैलांपर्यंत, आणि थांबण्याचें अंतर २ पासून १२० फुटांपर्यंत.

आलेखाच्या कागदावर हीं टिंबें मांडलीं कीं पहिल्यानें त्यांतली विसंगतिच डोळ्यांत भरते. ताशीं १४ मैलांच्या चार नोंदी घ्या : २६, ३६, ६० आणि ८० फूट. वेग एकच, अंतर तिपटीहून अधिक वेगळें ! ब्रेक, टायर, रस्ता, हांकणारा, सारींच भिन्न. अशा गर्दींतून एक रेषा काढावयाची, तर प्रत्येक टिंबाचें रेषेपासूनचें उभें अंतर मोजावें, त्याचा वर्ग करावा, आणि ह्या वर्गांची बेरीज लहानांत लहान होईल अशी रेषा निवडावी. लजांद्र या फ्रेंच गणितज्ञानें ही रीति १८०५ मध्यें प्रसिद्ध केली.

सरळ रेषा काढली तर नियम निघतो तो असा : वेगाला ३.९३ नें गुणावें व त्यांतून १७.६ फूट वजा करावे. ताशीं ४ मैलांच्या गाडीस हा नियम लावून पाहा. उत्तर येतें उणें २ फूट. म्हणजे ब्रेक दाबण्यापूर्वींच गाडी दोन फूट अलीकडे उभी!

आतां वेगाबरोबर वेगाचा वर्गही घेऊं. उभ्या गाडीस थांबावयास कांहींच अंतर लागत नाहीं, म्हणून स्थिर संख्या गाळूं. मग नियम होतो : वेगाची १.२४ पट अधिक वेगाच्या वर्गाची ०.०९ पट. ताशीं २० मैलांस सुमारें २५ आणि ३६, मिळून ६१ फूट. सरळ रेषाही येथें ६१ फूटच सांगते.

खरी मौज पुढेंच आहे. सरळ रेषा असो वा वक्र, टिंबांचें विचलन दोहोंत सुमारें १५ फूटच राहतें. नुसत्या आंकड्यांना विचारलें तर तीं कोणा एकीची बाजू जोरानें घेत नाहींत. निवाडा करतें तें पदार्थविज्ञान. गाडीची गतिजन्य ऊर्जा वेगाच्या वर्गाप्रमाणें वाढते, आणि ब्रेकला ती सगळी जिरवावी लागते. म्हणून वर्गाचें पद हवें. धोका दिसून पाय ब्रेकवर पडेपर्यंत गाडी जुन्याच वेगानें धांवते. म्हणून साधें पदही हवें. पहिली संख्या वेळांत मांडली तर सुमारें ०.८५ सेकंद येते. दुसरीवरून ब्रेकचा जोर गुरुत्वाकर्षणाच्या ०.३७ पट ठरतो. जयकर समितीच्या शिफारशींवरून १९३४ मध्यें स्थापन झालेली इंडियन रोड्स काँग्रेस रस्त्यांच्या आंखणींत घर्षणाचा गुणक ०.३५ ते ०.४० धरते. शंभर वर्षांपूर्वींच्या मोटारींनीं जवळजवळ तोच आंकडा द्यावा, हें मला मोठें समाधानाचें वाटतें.

आतां दोन्ही नियम ताशीं ७५ मैलांपर्यंत ओढून पाहूं. मापें २५ मैलांवर संपलीं आहेत, तेव्हां हें धाडसच; पण वक्र नियमाच्या पाठीशीं कारण आहे, सरळ रेषेच्या पाठीशीं तेंही नाहीं. सरळ रेषा म्हणते २७७ फूट. वक्र नियम म्हणतो ६०० फूट. ताशीं २५ मैलांस हाच नियम ८७ फूट सांगतो. म्हणजे वेग तिप्पट, आणि अंतर जवळजवळ सातपट. दोन उत्तरांतला फरक शंभर मीटरांच्या आसपास आहे, आणि पुढें एखादा रोही आडवा उभा असेल, तर तो ह्याच शंभर मीटरांत सांपडतो.

नव्या गाड्यांचे ब्रेक पुष्कळच चांगले आहेत, हें खरें. तरी आंखणी करणारे अडीच सेकंदांचा विचारकाल धरतात, आणि घर्षणाचा गुणक ०.३५ घेतला तर ताशीं १२० किलोमीटरांस सुमारें २४५ मीटर होतात. त्यांतले ८३ मीटर पाय ब्रेकवर पडण्यापूर्वींच संपलेले असतात. टायर झिजलेले असले, किंवा साध्या रस्त्यावर शेतांतून निघालेल्या ट्रॅक्टरनें काळ्या मातीचा चिखल आणून टाकलेला असला, तर बदलते ती दुसरी संख्या. पकड निम्मी झाली कीं ब्रेकखालचे १६२ मीटर ३२४ होतात. आधींचे ८३ मात्र तेवढेच राहतात.